फुलाबाईची कडू भाकर

फोन आला तेव्हा मी चक्कीवर होते. आमच्या तिरोड्यात दुलीचंदच्या चक्कीवर सकाळी गहू दळतात आणि दुपारी तांदूळ. गव्हाच्या मागून तांदूळ टाकला की सुरुवातीचं पीठ मळकट येतं, म्हणून पहिला नंबर कोणालाच नको असतो, आणि माझा स्वभाव भांडायचा नसल्यामुळे तो बहुतेक वेळा माझ्याच वाट्याला येतो. फोनवर योगेश होता, फुलाबाईच्या बहिणीचा मुलगा. काहीतरी बोलत होता. पट्ट्याच्या आवाजात मला काही कळेना. मी म्हटलं, मोठ्यानं बोल. तो पुन्हा बोलला. मी पुन्हा म्हटलं, अरे मोठ्यानं बोल... तेव्हा बिचारा नागपूरच्या दवाखान्याच्या जिन्यात उभा राहून ओरडला, "मावशी गेली." ते मी ऐकलं आणि माझ्यामागे उभ्या असलेल्या सगळ्या बायांनीही ऐकलं. दुलीचंदनं बटण बंद केलं. पट्टा सावकाश थांबला. "फुलाबाई का?" त्यानं विचारलं. मी मान हलवली. "तुमचं दळून देतो आधी, मंग जा घरी," एवढंच तो म्हणाला आणि चक्की पुन्हा सुरू केली. मी डबा घेऊन घरी आले, पंखा लावला आणि बसून राहिले. रडू आलं नाही. डोक्यात एकच येत होतं, की आता तिच्या घरी भाकर कोण नेणार...

आता महिना उलटून गेला आहे. तो प्रश्न मला का पडला हे सांगायचं तर फुलवंताबाई पटले कोण होत्या हे सांगावं लागेल. तिरोड्याच्या आमच्या गल्लीबाहेर त्यांना फारसं कोणी ओळखत नव्हतं. पोवार जातीतली बाई. लग्न झालं, काही वर्षांत नवरा गेला, मूलबाळ नाही. घर तेवढं नावावर राहिलं. दोन खोल्या स्वतःला ठेवून पुढची खोली त्या भाड्यानं देत. तहसील कचेरीत टायपिस्ट म्हणून नोकरी लागली तेव्हा मी माझ्या आईला घेऊन त्या खोलीत राहायला आले. आधी दोन घरी खोली पसंत पडून आडनाव सांगितल्यावर 'पाहुणे येणार आहेत' झालं होतं, म्हणून इथं मी दारातच सांगून टाकलं, आम्ही मेश्राम, बौद्ध. फुलाबाई तांदूळ पाखडत होत्या. वर न बघताच म्हणाल्या, "बरं. नळ सकाळीच येते. झोपून नका राहू." पुढं मी त्याच गल्लीत दोन घरं सोडून स्वतःचं घर बांधलं, पण संध्याकाळचा चहा शेवटपर्यंत त्यांच्याच दारापुढच्या छपरीत झाला.

त्यांच्याकडून मी शिकले ती झटपटची भाकर. आमचा मुलूख भाताचा. दोन्ही वेळ भात, आणि पोळी म्हणजे पाहुणे आले तर. त्यामुळे आमच्या बायांचा हात भाकरीवर तसा जडच. त्यात तांदळाच्या पिठाला उकड काढा, मळा, थापा, एवढं कोण करत बसतो. फुलाबाईची तऱ्हा वेगळी होती. दुपारचा उरलेला भात परातीत घ्यायचा, मनगटानं रगडून त्याचा गुळगुळीत गोळा करायचा, त्यात मावेल तेवढं तांदळाचं पीठ, मीठ, आणि झालं. भातच पिठाला धरून ठेवतो, उकड लागत नाही. पळसाच्या पानावर ओल्या हातानं थापायची, पानासकट तव्यावर पालथी घालायची, वर झाकण. पान आपोआप सुटलं की उलटायची. भाकरीवर पानाच्या शिरा उमटलेल्या असत. मला त्या शिरांचं फार कौतुक. फुलाबाईला अजिबात नव्हतं. उन्हाळ्यात पळस झडला की त्या दुधाच्या पिशवीची पन्नी उभी कापून तिच्यावर थापत आणि हातानं उचलून तव्यावर टाकत. मी एकदा म्हटलं की पानाची मजा वेगळीच. तर म्हणाल्या, "पान खाऊन राहिली का तू? भाकर खा."

माझी पहिली भाकर मात्र तव्यावर खीर झाली होती. कारण सांगितलं तर आमच्याकडच्या बाया हसतील, इतरांना नवल वाटेल. आमच्या घरात उरलेल्या भातात लगेच पाणी ओततात, सकाळची बासी, म्हणजे रात्रभर पाण्यात मुरलेला भात, करायला. लहानपणापासून आईला तेच करताना पाहिलेलं. भाताचं भांडं उतरवलं, जेवण झालं, की हात आपोआप तांब्याकडे जातो. मी भाकरीसाठी म्हणून भात ठेवला आणि सवयीनं त्यात पाणी ओतलं. मग तो पिळला, निथळला, त्यात पीठ कोंबलं. सगळं तव्यावर पसरलं. फुलाबाई चूल फुंकता फुंकता मागं टेकून हसल्या. दोघींनी तो लगदा गूळ घालून खाल्ला. पुढं कितीतरी दिवस मला हाक मारताना त्या विचारत, "भात ठेवला का बुडवला?"

पण ही भाकर त्या फक्त आपल्यासाठी करत नसत. गल्लीत, मागच्या मोहल्ल्यात, स्टेशनकडच्या चाळीत कुठं मयत झाली की फुलाबाईच्या घरात तवा चढायचा. मयतीच्या घरी त्या दिवशी चूल पेटत नाही, घाटावरून माणसं परत आली की शेजारपाजाऱ्यांनी त्यांना दोन घास घालायचे, ही कडू घासाची रीत सगळीकडेच आहे. पण रीत असणं वेगळं आणि वेळेवर भाकर पोचणं वेगळं. जो तो म्हणतो दुसऱ्या कोणी नेलं असेल. फुलाबाई असं कधी धरून चालत नसत. आणि भात त्या कधीच नेत नसत. "भात पिंडाचा. जित्या मान्साले त्या दिशी भाकर," हे त्यांचं शास्त्र. शास्त्रात ते खरंच आहे की नाही मला माहीत नाही, मी कधी शोधलंही नाही. सोबत लाखोरीच्या डाळीचं बिनफोडणीचं वरण. किती माणसं असतील याचा अंदाज नसायचा, म्हणून ही झटपटची तऱ्हा. घाटावरची माणसं परतायच्या आत एका तव्यावर ढीगभर भाकरी होत. एक तव्यावर झाकली की दुसरी थापायची, बोलायचं नाही. नोकरी लागल्याच्या दुसऱ्याच वर्षी मी त्यांच्या हाताखाली थापायला लागले. कचेरीतून आले आणि त्यांच्या धुराड्यातून भलत्या वेळी धूर दिसला की मी चप्पल बदलून तिकडेच जायची.

नुसतं नेऊन ठेवायचं नाही, तिथं बसायचं, हीही त्यांचीच रीत. घरातलं जे माणूस सगळ्यात जास्त कोसळलेलं असेल त्याच्यासमोर ताट ठेवायचं आणि ते पहिला घास घेईपर्यंत उठायचं नाही. आग्रह करत नसत. गप्प बसून राहत. एका घरी म्हातारी गेली होती, आणि तिची धाकटी जाऊ माझ्याकडे बघून फुलाबाईंना हळूच विचारू लागली, भाकर थापली कोणी? ते मला ऐकू यावं इतक्याच हळू. मी उठायला लागले. फुलाबाईंनी माझ्या पदराचं टोक धरून मला खाली बसवलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाल्या, "माह्या तव्यावरची हाय. भूक असन तं खा, जात खायची असन तं ते घरीच हाय तुमच्या." त्या घरात त्या दिवशी कोणी जेवलं की नाही ते आता आठवत नाही. पण पुढच्या मयतीला त्या मला बोलवायला दारात आल्या, एरवी हाक मारायच्या.

मग वीज प्रकल्प आला, गल्लीतल्या प्रत्येक घरानं मागं एकेक खोली काढून भाड्यानं दिली, बिहारचे, ओडिशाचे, छत्तीसगडचे लोक राहायला आले. मयतीच्या घरी ढाब्यावरून पार्सल येऊ लागलं. फुलाबाईंचं जाणं काही थांबलं नाही. एका ओडिया कामगाराची आई इथंच वारली, तेव्हा त्या वरण-भाकर घेऊन गेल्या. त्याला मराठी येईना, यांना हिंदी जेमतेम. ही बाई आपल्या घरात भांडं घेऊन का बसली आहे हे त्याला बराच वेळ कळलं नसावं. शेवटी त्यानं खाल्लं. परत येताना मी म्हटलं, "त्याला काही कळलं नाही हो." तर म्हणाल्या, "पोटाले कळलं ना."

माझी आई गेली तेव्हा मी कचेरीतल्या लोकांना, नातेवाइकांना सगळ्यांना शांतपणे फोन केले. भन्तेजींची व्यवस्था, गाडी, सगळं. सगळे म्हणाले, रंजना खंबीर आहे. संध्याकाळी लोक गेले आणि मी पांढरी साडी तशीच अंगावर ठेवून आईच्या खाटेच्या कडेला बसले. मला भयंकर भूक लागली होती. आई सकाळी गेली होती आणि मला संध्याकाळी भूक लागली होती, याची मला इतकी लाज वाटली की मी स्वयंपाकघराकडे पाहतसुद्धा नव्हते. तेवढ्यात फुलाबाई आल्या. परातीवर फडकं, हातात वरणाचा डबा. मी म्हटलं, "आमच्यात असं काही नसतं हो फुलाबाई. सुतक नाही, काही नाही." त्या खाली बसल्या, ताट वाढलं, माझ्यासमोर सरकवलं.

"तुमच्यात काय रायते नं काय नाही, मले नाही मालूम," त्या म्हणाल्या. "भूक रायते. माहा मालक गेला त्या दिशी मले अशी भूक लागली होती का काय सांगू. बाया गळ्यात पडून रडून राहिल्या नं माहं ध्यान शिंक्यावरच्या टोपल्यात. कोनाले सांगू? कोनी भाकर आनली नाही. सासू म्हने, आता खाशीन कशी? नाही खाल्लं मी... अजून लाज वाटते, पन कायची वाटते ते नाही समजत."

मी खाल्लं. त्या बसून राहिल्या. त्यांच्या घरोघरी भाकर नेण्यामागे काय होतं ते मला त्या दिवशी कळलं. आईसाठी खरं रडू मला त्या ताटावर आलं, घास तोंडात असताना. फुलाबाईंनी पाणी पुढं केलं आणि ठसका लागेल म्हणून पाठीवरून हात फिरवत राहिल्या.

गेल्या पावसाळ्यापासून त्यांना दम लागू लागला. छातीत पाणी झालंय, डॉक्टर म्हणाले. योगेश गाडी घेऊन आला आणि त्यांना नागपूरला घेऊन गेला. मुलगा चांगला आहे, त्यानं काही कमी केलं नाही. गाडीत बसताना त्यांनी मला जवळ बोलावलं. मला वाटलं किल्लीचं काही सांगतील. म्हणाल्या, "डब्यात पीठ हाय, जाळी लागन. वापरून टाक. आठवडाभरात येतो." मी पीठ वापरून टाकलं. त्या आल्या नाहीत. फोनवर बोलायच्या तेव्हा योगेशच्या बायकोच्या पोळ्यांचं कौतुक करायच्या. मऊ असतात म्हणे, पण पोट भरत नाही.

अंत्यविधी नागपूरलाच झाला. मी सकाळच्या गाडीनं गेले. फ्लॅट माणसांनी भरला होता, त्यातली बहुतेक मला अनोळखी. फुलाबाईंना लुगडं नेसवलं होतं आणि चेहरा तसाच होता, कोणाचं तरी बोलणं पटत नसल्यासारखा. एका बाईनं मला विचारलं, तुम्ही कोण? मी म्हटलं, शेजारीण. "अच्छा," असं म्हणून तिनं मला खुर्ची दिली. वाईट काही नव्हतं त्यात. नातेवाइकांना सतरंजी आणि पाहुण्यांना खुर्ची. पण त्या खुर्चीवर बसून मला जेवढं एकटं वाटलं तेवढं आई गेल्यावरही वाटलं नव्हतं. बहीण नाही, जाऊ नाही, नणंद नाही. जातीची नाही. या बाईबरोबर माझं सगळं आयुष्य गेलं, आणि त्या नात्याला नाव काय, तर शेजारीण. परतीच्या गाडीत समोरच्या बाकावरची पोरं चिवडा खात होती. मला भूक लागली होती आणि मी खिडकीबाहेर पाहत होते. गल्लीत आले, कुलूप उघडलं. वाट पाहिली असं म्हणणार नाही, पण दार बराच वेळ लोटलं नाही. कोणी आलं नाही. का यावं? मयत पटल्यांची, मी मेश्राम. आणि ज्या बाईला हे सुचलं असतं तीच गेली होती.

या महिन्यात मला लोक विचारतात, करमतं का? नाही करमत. संध्याकाळचा चहा मी आता उभ्यानंच पिते. पेन्शन आहे, घर आहे, तब्येत ठीक आहे, टीव्ही आहे. पण दिवसभरात काही घडलं तर ते सांगायला कोणी नाही. बरं, घडतं तरी काय. चक्कीवर कोण भेटलं, पोरानं नळाची तोटी कशी मोडली, हेच. तेवढंच पुरायचं आम्हाला. भात उरला की मी त्यात पाणी ओतत नाही, पण भाकरीही करत नाही. तो तसाच राहतो, दुसऱ्या दिवशी गाईला घालते.

भाकर मी एकदाच केली. योगेशनं आधीच कळवलं होतं की अस्थी वैनगंगेतच सोडायच्या, मावशी तसं बोलली होती, आणि नदीवरून आम्ही घरी येऊ. मला बरं वाटलं. पहिल्या दिवशी नागपूरला त्यांच्याकडे बाहेरून जेवण आलं होतं, ते मी पाहिलं होतं. माझ्या हिशेबानं फुलाबाईच्या घरचा कडू घास अजून व्हायचाच होता, आणि तो त्या घरात व्हायला हवा होता. मी सकाळीच मुद्दाम जास्तीचा भात लावला. रगडला, पीठ घातलं. पळसाला पानं होती, पण मला जाऊन आणायचा धीर झाला नाही, पन्नीवरच थापल्या. बोलायचं नाही हा नियम पाळायची गरजच नव्हती. वरण केलं, बिनफोडणीचं. डबा भरला, वर फडकं बांधलं, पदर नीट केला आणि निघाले.

दाराला कुलूप होतं. छपरीत पावलांची ओली माती होती आणि गाडी वळल्याच्या खुणा. मी पुन्हा घरी जाऊन फोन पाहिला. योगेशचे दोन फोन येऊन गेले होते, मी पिठात हात घालून बसले होते तेव्हा. मेसेज होता: 'ताई, मुलीला ताप आहे, लगेच निघालो. तुम्ही दिसल्या नाहीत. पुढच्या वेळी नक्की.' त्याची काहीच चूक नव्हती. लेकरू तापलं असेल तर कोण थांबेल? डबा ओट्यावर होता. गल्लीत कोणालाही देता आला असता, पण ज्यांच्या घरी कोणी गेलंच नाही त्यांनी ही भाकर का खावी? मला ती एकटीनं माझ्या स्वयंपाकघरात बसूनही खाववेना. पुन्हा डबा उचलला आणि फुलाबाईच्या घरी जाऊन त्यांच्या छपरीत, बंद दाराला पाठ लावून बसले. फडकं सोडलं. भाकर कोमट होती. मोडली, वरणात बुडवली, खाल्ली. भूक खूप होती. या खेपेला मला लाज वाटली नाही, पण पाणी आणायचं मी विसरले होते.

समोरच्या खोलीत नवीनच राहायला आलेला पोरगा प्रकल्पावरून परत येत होता. छत्तीसगडचा, प्रकल्पाची राख वाहणाऱ्या गाडीवर चालक आहे. मला तिथं खाली बसून जेवताना पाहून तो थबकला, डोक्यावरची टोपी काढली.

"आंटीजी, यहाँ तो ताला है. इस घर में गमी हुई है ना?"

मी मान हलवली. घास तोंडात होता. त्यानं कुलपाकडे पाहिलं, डब्याकडे पाहिलं.

"आप घर की हो?"

"हाँ," मी म्हटलं, आणि दुसरी भाकर मोडली.